मोठी आई

भालेवाडी, पो. पुणतांबा
१२ ऑगस्ट २०२५

चि. इंदूस ताईचे आशीर्वाद.

आम्ही सगळे बरे आहोत. समर्थ आणि ओंकार शाळेत जातात. नळाला आता दिवसाआड पाणी येतं. ते माझ्या कारकिर्दीत झालं असं लोक म्हणतात. फोन मुद्दामच केला नाही, फोनवरचं बोलणं मागे राहतं. हे पत्र वाचलंस की गॅसवर धर.

निकाल आपल्या बाजूने लागला. दोन मुलांवर तिसरं असलं की सरपंचपद जातं. मला तिसरं नाही, असं कचेरीत मान्य झालं. शपथेवर बोलताना माझा आवाज अडकला नाही. हे म्हणाले, सभेतल्या भाषणापेक्षा चांगलं बोललीस. तूही चांगलं बोललीस. यांनी गावात पेढे वाटले.

बाहेर व्हरांड्यात जे झालं त्याबद्दल लिहायचं नव्हतं. तुला पोरीला घरी ठेवता आलं असतं. रंगनाथने तक्रार केलेली, तो तिथे टपूनच होता. मनवा मला बघून "मोठी आई" करत धावत आली आणि त्याने लगेच तो शब्द धरला. "आई म्हनली की वो सरपंचबाईला. आता आनखी काय पुरावा पायजे?" लोक हसले. मी तिची बोटं पदरातून सोडवली आणि तिला ढकललं. "कुनाची पोर हाय ही? आवरा तिला," म्हणाले. दुसरं काय म्हणणार होते? पडल्यावर ती रडली नाही, ते मला बरं वाटलं नाही. गुडघ्याला फार लागलं का?

तिला मावशी म्हणायला शिकव. ऐकलं नाही तर एक चापट दे, या वयात मुलं लवकर शिकतात. मोठी आई म्हणायला मीच सांगितलं होतं, ते असो.

माझी मुदत फेब्रुवारीत संपते. जूनमध्ये तिला पहिलीसाठी इथे आणू. यांना पुढे उभं राहायचं आहे, म्हणून ती तुझीच मुलगी, आमच्याकडे शिकायला ठेवली आहे, असं सांगू. टाळेबंदीत तुझ्या घरी बाळंत झाले आणि बाळाला तुझं नाव लावलं, तेव्हा आपलं तेच ठरलं होतं. माझं पद असेपर्यंत.

तिच्या डोक्यात दोन भोवरे आहेत, तिथे विंचरताना दुखतं. हळू विंचर.

तुझी,
ताई


भिंगार
२० ऑगस्ट

ताईस नमस्कार.

पत्र मिळालं. तू सांगितलंस तसं वाचून जाळलं. मनवा तुझी आहे असं लिहिलेला तेवढा एकच कागद होता.

तिला मावशी म्हणायला शिकवायला बसले. "कोण मावशी?" म्हणाली. फोटो दाखवला. "ती ढकलणारी बाई," म्हणाली. चापट द्यावी लागली नाही.

जूनमध्ये ती इथल्याच शाळेत जाईल. घ्यायला येऊ नकोस. आलीस तर दारात चार लोकांदेखत मला विचारावं लागेल, कुणाची पोर मागतेस. तू शपथेवर सांगितलंस, मीही सांगितलं. आता त्यात बदल करणं मला जमणार नाही.

गुडघा बरा आहे. भावजींना निवडणुकीसाठी शुभेच्छा.

मनवाची आई,
इंदू