अननसाचे तमाल

सामोरा, २६ डिसेंबर १९७८

प्रिय आम्पारो,

अक्षर ओळखून पत्र बाजूला टाकू नकोस, शेवटपर्यंत वाच. निकानोर बरा आहे ना? बघ, विचारलं. एके काळी त्याचं लग्न माझ्याशी ठरलं होतं. तो तुझ्याबरोबर निघून गेल्यावर हा साधा प्रश्न विचारायला मला सहा वर्षं लागली.

यंदा आईने नाताळच्या तमालांसाठी अननस आणायला लावले. तू गेल्यापासून घरात स्ट्रॉबेरीचेच होत होते. अननसाचे तुझ्या आवडीचे, म्हणून त्यांचं नावही कुणी काढत नसे. मी म्हटलं, "कोण खाणार ते?" आई म्हणाली, "ज्याला खायचे तो खाईल. तू चीर." मी सुरी अशी चालवली की चोना मावशी ओरडली, "अगं, मेलाय तो अननस कधीचाच, सोड त्याला!"

चरबी आणि साखर फेटून मक्याचं पीठ मिसळलं. पिठाची गोळी पाण्यावर तरंगली, तेव्हा अननस आणि मनुका भरून कणसाच्या भिजवलेल्या सालींत पुड्या बांधल्या. दहाला पातेलं चढवलं. बारा वाजले तरी पुडी उघडावी तर पीठ सालीला चिकटलेलं, कच्चं. जाळ होता, पाणी होतं, वाफ होती. मावशीने पातेल्याच्या कानांना साली बांधल्या, त्याची समजूत काढायला पुढ्यात नाचलीसुद्धा. मला हसू येईना. एक वाजता आईने झाकण आदळलं. "कोण रागावलंय या घरात? रागात तमाल शिजत नाहीत. बोलून टाका काय ते."

मावशीने माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "तिच्यासाठी का घातलास हा घाट?" आई म्हणाली, "सहा वर्षांत पोरीची एक ओळ नाही. जिवंत आहे की नाही, ठाऊक नाही. आठवणसुद्धा काढू नको?"

गप्प बसले असते तर निभावलं असतं. पण ती 'एक ओळ नाही' म्हणाली, आणि मला तिथे उभं राहवेना. आत जाऊन पेटीच्या तळातली तुझी पत्रं आणून तिच्या मांडीवर ठेवली. एकोणीस. टपालवाला आला की दारात नेहमी मीच असायचे, आम्पारो. एकही फोडलं नव्हतं, आणि एकही जाळायचा धीर झाला नव्हता.

आईने एक पाकीट डोळ्यांजवळ नेलं, मग माझ्यापुढे धरलं. "वाच." मी वाचत गेले. तुला मुलगी झाली, तिचं नाव आईवरून एउलालिया ठेवलं, हे चौथ्यात होतं. "पुन्हा वाच," आई म्हणाली. ते मी तीनदा वाचलं. शेवटच्यात तू लिहिलं होतंस, आई, तुझं उत्तर येत नाही, आता मी लिहिणार नाही. तेवढ्यात करपल्याचा वास आला. पातेल्यातलं पाणी कधीच आटलं होतं. एकही तमाल खाण्यासारखा राहिला नाही.

त्यानंतर आई माझ्याशी बोललेली नाही. परवापासून एकच वाक्य, "तू तोडलंस, तूच लिही." तिने बजावलंय ते एवढंच. पुढचं माझं आहे. मी लिहितेय हे तिला माहीत नाही. साखरेच्या आजाराने तिचा एक डोळा गेलाय. दुसराही उन्हाळ्यापर्यंत टिकेल याची खात्री नाही, असं डॉक्टर म्हणाले. मला माफ करायला येऊ नकोस. म्हणशील तर तेवढे दिवस मी मावशीकडे जाऊन राहीन, समोरही येणार नाही. पण एउलालियाला घेऊन ये, आईला दिसतंय तोवर.

तुझीच, अजूनही असं लिहायला धजावणारी,
देल्फिना