शेवंताबाईंचं हसू

मंगळवार, संध्याकाळ

ती सूचना बंद करायची की नाही, ठरतच नाही. आमच्या रेडिओवर रोज सकाळी पोंभुर्ण्याकडच्या शेवंताबाईंचं रेकॉर्डिंग लागतं: "बायांनो, मोहफुलं वेचाले एकट्या जाऊ नोका, वाघ हाये." शेवटी लाजून हसतात. रेकॉर्डिंग मीच केलं. ते हसू आवडलं, म्हणून कापलं नाही.

मागच्या आठवड्यात वाघानं त्यांनाच मारलं. मोहाखाली. एकट्याच होत्या. का गेल्या असतील?

सूचना काढून टाकतो, हे सांगायला आज त्यांच्या सासूला फोन केला. म्हातारी म्हणाली, "काढू नोको, भाऊ. रोज सुनेचा आवाज येते. तिचं बोलणं झालं का मी इचारतो, 'मंग तू काऊन गेली वं एकटी?' तं ते हासते."