लेसिथिन म्हणजे काय

विद्वान,

काल पाहुण्यांसमोर माझ्या बाबांच्या हातातलं चॉकलेट हिसकावलंस आणि ओरडलास, "लेसिथिन म्हणजे अंड्याचा बलक! पोरीला अंड्याची ॲलर्जी आहे, मारायचंय का तिला?"

नाव बलकाच्या ग्रीक शब्दावरून पडलं, तेवढं तुला बरोबर सापडलं. तेल-पाणी एकजीव करणारा हा पदार्थ पहिल्यांदा बलकात मिळाला, म्हणून ते नाव. आता तो बहुतेक वेळा सोयाबीनमधून काढतात. वेष्टनावर त्याच्या शेजारीच 'सोया' छापलंय. फोनवर अर्धं पान वाचून अक्कल पाजळण्याआधी तो एक शब्द वाचला असतास, तर डोळे झिजले नसते.

बाबांनी वाचला होता. दुकानात उभ्याउभ्या, भिंग लावून. वर दुकानदारालाही दोनदा विचारलं होतं.

मी पोरीला घेऊन त्यांच्याकडे चाललेय. जेवण फ्रीजमध्ये आहे. गरम कसं करायचं तेही फोनवर मिळेल.

सकाळपासून बाबांचे पाच फोन आले. तुझ्याबद्दल चकार शब्द नाही. दर वेळी एकच विचारतात, "पोरीला काही झालं नाही ना गं?"

तिनं ते तोंडातही घातलं नव्हतं.