सत्तावन सालची तिथी

देवास, शके १८२९ (सन १९०७)

भाद्रपद शु. ६

धडा तिसऱ्यांदा परत आला. शाळेच्या नव्या क्रमिक पुस्तकात 'धारच्या किल्ल्याचा प्रसंग' दोन पानांत बसवायचा आहे, आणि मी मूळचा धारचा म्हणून ते लोढणे माझ्या गळ्यात. सुपरिंटेंडेंटसाहेबांनी 'तोफा' खोडून तेथे 'बंदोबस्त' केले आहे. महूच्या पलटणीने किल्ल्यावर बंदोबस्त डागला, असे आता वाक्य झाले आहे. सांगायला गेलो तर म्हणाले, "मास्तर, भाव समजून घ्या."

देवासात रस्त्याच्या अलीकडे थोरल्या पातीचे राज्य, पलीकडे धाकट्या पातीचे. पलीकडच्या शाळेतही हाच धडा लिहिणे चालू आहे. तिकडचे मास्तर पानाच्या दुकानी भेटले. ते 'गदर' लिहितात, आम्ही 'बंड'. शेवट मात्र दोघांचा एकच, प्रजा राजनिष्ठ राहिली.

मला त्या लढाईचे काय ठाऊक? वडील त्याच साली धारला पटकीने गेले, माझ्या जन्माआधी आठ वर्षे. दत्तकाला असे लिहिता येते. मी खरा त्यांच्या धाकट्या भावाचा. नवव्या वर्षी काकूच्या मांडीवर दत्तक बसलो. तिला आजही काकूच म्हणतो.

भाद्रपद शु. ९

चिरंजीव वामन इंदूरहून आला. कॉलेजाला सुटी. जाडेभरडे स्वदेशी धोतर, वाढलेली दाढी. सौ.ने दारातच विचारले, "न्हावी संपले का इंदूरचे?"

जेवताना माझा धडा वाचला आणि ताट बाजूला सारले. "दादा, बंड काय म्हणता? युद्ध म्हणा. पन्नास वर्षं झाली. ते लोक त्यांच्या मेलेल्यांचे पुतळे उभे करतात, आपण आपल्यांची नावं घ्यायला भितो."

मी म्हणालो, आमटी निवते आहे.

मग खरे बाहेर आले. स्वारी येताना वाकडी वाट करून धारला जाऊन आली. काकूकडे गेला नाही, किल्ल्यापाशी गेला. तेथे कोणी म्हातारा माळवी बसलेला. त्याला घराण्याचे नाव सांगितले तर तो म्हणाला, "थारा दादाजी तो किला में था, भिया. म्हने खुद देख्या."

म्हणजे पटकी नव्हेच. वेढ्यात किल्ल्यात होते, तेथेच पडले. वामनचे डोळे भरून आले होते. मी त्याचे ताट पुन्हा पुढे सारले.

"शस्त्रानं गेलेल्याचं श्राद्ध चतुर्दशीला असतं ना? आपण द्वादशीला करतो. इतकी वर्षं तुम्ही आजोबांना भलत्याच दिवशी जेवायला बोलावताय."

ताडकन बोललो त्याला. पण वाक्य डोक्यातून जाईना.

भाद्रपद पौर्णिमा

उपाध्यांना गाठले. आडून विचारले, एका स्नेह्याचा प्रश्न म्हणून. त्यांनी ओळखले असावे, कारण सुपारी कातरणे थांबवले नाही.

पितृपक्षात ज्याची जी मृत्युतिथी त्या तिथीला त्याचे. शस्त्राने, अपघाताने गेला तर चतुर्दशी, मग मेला कधीही असो. सवाष्ण गेलेल्या बाईची अविधवा नवमी. संन्यास घेऊन गेला असेल त्याची द्वादशी.

"आणि भलत्याच दिवशी केलं तर?"

"केलेलं वाया जात नाही म्हणतात. पण पोचलं की नाही हे मी कसं सांगू?"

घरी येऊन उगीच सौ.वर खेकसलो. ज्या माणसाला पाहिले नाही त्याच्या उपासमारीने मला घास गोड लागेना.

वद्य ३

धडा चौथ्यांदा लिहिला. किल्ल्याचा शेवट सगळ्या माळव्याला माहीत आहे. भिंतीला खिंडार पडले, पलटण आत शिरली, तो आत कोणी नाही. शिबंदी अंधारात निघून गेलेली. एवढे सरळ लिहिले.

सु. साहेबांनी ती ओळ खोडली. सरकारच्या फौजेने रिकामा किल्ला घेतला हे बरे दिसत नाही.

तोच कागद वामनने पाहिला. त्यानेही तीच ओळ खोडली आणि समासात लिहिले, 'शूरांनी देह ठेवला पण गड सोडला नाही.' मी म्हणालो, अरे, ते निघून गेले होते. तर म्हणतो, "हे मुलांना सांगायचं नसतं, दादा."

साहेब आणि वामन एका मताचे झाले, हे दोघांनाही कळता कामा नये.

धार, वद्य ८

रजा काढून आलो. दरवर्षी येतो, यंदा वामन बरोबर. टांग्यात तोंड फुगवून बसला होता. किल्ला दिसला तसा मात्र सावरून बसला. लाल दगड, वर बाभळी, भिंतीवर शेळ्या.

काकू दोन खोल्यांत एकटी राहते. वय सदुसष्ट, केशवपन केलेले डोके, अंगावर तांबडे आलवण, गुडघे गेलेले, जीभ शाबूत. वामनला म्हणाली, "दाढी कुणाच्या सुतकात?"

द्वादशीला अजून अवकाश. तोवर विचारायचे. कसे, ते कळत नाही.

वद्य ९

शेजारी अविधवा नवमी. त्यांची सून दोन वर्षांमागे बाळंतपणात गेली. सवाष्ण जेवायला बोलावली होती. स्वयंपाक काकूचा, तिचे सोवळे साऱ्या आळीत प्रसिद्ध. परत आली ती दमून भिंतीला टेकून बसली.

"कुंकवानिशी गेली पोर. भाग्याची."

म्हाताऱ्या बायका म्हणतात तसेच. मी पंचांग चाळत होतो. मग जरा वेळाने, "पाच भाज्या केल्या. तिला काय मिळायच्या त्या मिळाल्या असतील, नाही रे?" असे कधी विचारत नाही ती.

वद्य १०

आज झाले. मी विचारणार होतो, वामनने विचारले. लेखणी-कागद घेऊन समोर बसला आणि म्हणाला, "आजी, आजोबा किल्ल्यात लढले ना?"

काकू तांदूळ निवडत होती. हात थांबला नाही.

"किल्ल्यात होते. कोठीवर कारकून. ज्वारी मोजून द्यायचे शिबंदीला."

"पण वेढ्यात?"

"वेढ्यात माणसं जेवत नाहीत का?"

नंतर तिने सांगितले ते जसे आठवते तसे लिहितो. दिवाळी होऊन गेली होती. तोफांनी भांडी फडताळातून पडत. आणि मग एका पहाटे तोफा बंद. वडील परसातून घरी आले. बरोबरचे सगळे निघाले म्हणून तेही निघाले, कोठीच्या किल्ल्या कमरेलाच. तिने दशम्या बांधून दिल्या. खुंटीवरची घोंगडी घेतली त्यांनी. नर्मदेकडे जातो म्हणाले. ती सतरा वर्षांची.

तिसऱ्या दिवसापासून घरोघर झडती. किल्ल्यात कोणाचे कोण होते, याची विचारपूस. सासऱ्यांनी दार उघडून सांगितले, मुलगा पटकीने गेला, द्वादशीला. त्या दिवसांत पटकी होतीच, कोणी खोटे म्हणेना.

"नुसतं सांगून भागतं का?" काकू म्हणाली. "गेला म्हटलं की सगळं करावं लागतं. दहावं, तेरावं. न्हावी आला. माझे केस गुडघ्यापर्यंत होते."

वामन म्हणाला, "तुम्ही 'नको' का म्हटलं नाही?"

"पुढच्या घरातल्या सुनेचा धाकटा दीर धरून नेला होता. यांचा भाऊ दहा वर्षांचा होता घरात." माझ्याकडे पाहिले. "तुझा बाप."

मग म्हणाली, घर वाचले. आणि तांदूळ पाखडायला घेतले.

पुढे राणीचा जाहीरनामा झाला, माफी झाली. मी विचारले, तेव्हा का नाही आले?

"तेरावं झालेला माणूस कोणत्या दारानं येतो? आणि मी कशी समोर उभी राहणार होते, अशी?" डोक्यावरून पदर पुढे ओढला. एवढेच.

नर्मदेकाठच्या नेमावरला कोणीतरी त्यांच्यासारखा बैरागी पाहिला, असे तिला एकाने सांगितले होते. म्हणजे त्यासाठी ती तिची दर कार्तिकातली नर्मदेची वारी. लहानपणी मीही गेलो आहे, कन्नौदला मुक्काम, पुढे बैलगाडी. घाटावर ओळीने बसलेल्या बुवांना ती स्वतःच्या हाताने वाढायची, मी पाण्याचा तांब्या घेऊन मागे. गुडघे गेले तेव्हापासून बंद.

"भेटले का कधी?"

"गर्दी असते तिथं," ती म्हणाली.

वद्य ११

वामनने काल अर्धे लिहिलेले कागद चुलीत घातले. संध्याकाळी तलावाकडे फिरायला नेले तर म्हणाला, "दादा, हे कुणाला सांगू नका. कॉलेजातल्या सगळ्यांना मी पत्रं लिहून बसलोय." थोडे चालून, "निदान पटकी तरी खरी असायला हवी होती."

चिडलो नाही. त्याच्या पणजोबांनीही दारात उभे राहून लोकांना रुचेल तेच सांगितले. मी गेला महिनाभर वेगळे काय करतो आहे?

पण माझी तऱ्हा वामनपेक्षा वाईट. नवरा जिवंत असता बाईला त्याच्या संमतीवाचून दत्तक घेता येत नाही. ते तेव्हा जिवंत असतील तर माझे दत्तविधान फुकट, मी त्यांचा मुलगा नव्हे, गोत्र उच्चारून पिंड दिले ते एका जित्या माणसाला, आणि तेही परक्याने. मग मी कोण? बेचाळिसाव्या वर्षी शाळेतल्या पोरासारखा हा प्रश्न. तिन्हीसांजेला दोनदा घराबाहेर जाऊन आलो. काकू म्हणाली, "बूड टेकव जरा, मुंग्या चावतायत का?"

हसू आले, रडूही.

वद्य १२

सकाळी तिला विचारले, करू की नको.

"स्वयंपाक झालाय. ब्राह्मण सांगितलेत. शेजारी विचारतील."

म्हणजे पुन्हा तेच, शेजारी विचारतील. आणि मी पाटावर बसलो. इथल्या उपाध्यांना मात्र हळूच म्हणालो, यंदा सांकल्पिक करू, पिंड नकोत. त्यांनी माझ्याकडे पाहिले, काकूच्या दाराकडे पाहिले. पुढे सांगू लागले.

वडिलांचे नाव घ्यायची वेळ आली तसा थांबलो. पाणी मागितले. उपाध्ये खोळंबले. आतून काकूचा आवाज, "घे नाव. तुझेच आहेत ते."

घेतले.

वामन ब्राह्मणांना वाढत होता. नीट, न सांडता. त्याने नवी घोंगडी दक्षिणेबरोबर द्यावी असे सुचवले, काकू नको म्हणाली.

वद्य १४

आज चतुर्दशी. आळीत दोन घरी शस्त्राने गेलेल्यांचे श्राद्ध. एका घरचा म्हातारा तर ओसरीवर बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होता, आमचे आजोबा किल्ल्यात पडले. मागच्या सालापर्यंत त्यांचे आजोबा झाडावरून पडले होते. वामनने माझ्याकडे पाहिले. मी पाहिले नाही.

सु. साहेबांचे पत्र आले, धडा तातडीने धाडा. बसलो लिहायला. 'किल्ला रिकामा होता' एवढे लिहिले आणि अडलो. रिकामा होता म्हणजे आतली माणसे कुठेतरी गेली. ती कुठे गेली, मागच्यांनी त्यांच्यासाठी काय काय केले, हे दोन पानांत येत नाही. खोडले नाही. ही ओळ ते पुन्हा खोडतील, मी पुन्हा लिहीन. नोकरी जायची तर यावर जाऊ दे. असे आत्ता वाटते. देवासला पोचल्यावर काय वाटेल सांगता येत नाही.

दुपारी काकूने जवळ बोलावले. वामनला पाण्याला पाठवले.

"माझ्यामागं माझं नवमीला कर."

मला आधी उमगलेच नाही. नवमी सवाष्णीची. मग उमगले. तिच्या कपाळाकडे पाहिले. पन्नास वर्षे कुंकू नाही तेथे.

"काकू, म्हणजे ते..."

"नवमीला कर. आणि तूच कर. दुसऱ्या कुणाला बसवू नकोस. तू माझा मुलगा आहेस."

सवाष्ण असेल तर मी तिचा मुलगा ठरत नाही. मी मुलगा ठरलो तर ती सवाष्ण नव्हे. शास्त्रात दोन्ही एकदम बसत नाही, हे तिला माझ्याहून चांगले कळते. तरी दोन्ही मागितले. आयुष्यात पहिल्यांदा काही मागितले असेल. मी हो म्हणालो. उपाध्यांना विचारणार नाही.

कार्तिकात तिला नेमावरला न्यायचे ठरवले. गुडघ्यांचे काय, म्हटले, तर म्हणाली, गाडीत गवत जास्त घाल. वामन मी येतो म्हणाला. कन्नौदपर्यंत गाडी सांगून ठेवतो.

बरोबर काय काय घ्यायचे, विचारले.

"तांदूळ घे. तूप घे थोडं." थांबली. "एक घोंगडी घे. माझ्याकडे नव्हे, तुझ्याकडे असू दे. मागची आता विरली असेल."

मागची कोणती, खुंटीवरची की घाटावर दिलेली, ते विचारले नाही. उद्या बाजारात पाहतो.