पांगबुवांच्या मूळ टेपा

मी, यान हुइयुन, वय एकाहत्तर, राहणार शीआन, गावोगावच्या कलावंतांवर माहितीपट करण्यात जन्म घालवलेली बाई, पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दडपणाविना आणि भरपूर रागात हे मृत्युपत्र लिहून ठेवते.

राहतं घर व बँकेतली शिल्लक मुलगा शाओनान याला. कॅमेरा त्याला नाही. तो दिवाणखान्यात शोभेला ठेवील. तो माझे ध्वनिमुद्रक मियाओ शिनलू यांना द्यावा.

आता मुद्द्याचं. सावल्यांच्या बाहुल्यांचा खेळ करणारे पांगबुवा, त्यांच्या चित्रणाच्या मूळ टेपा. त्यांच्या गावात खेळापुढचा पहिला बाक पितरांसाठी मोकळा सोडतात. माझा तेव्हाचा मदतनीस गे माओलिन म्हणाला, "बाई, रिकामा बाक पडद्यावर भिकार दिसतो." मी नको म्हटलं, तरी त्याने शहरातल्या रेशमी कपड्यांतल्या पोरी तिथे बसवल्याच. बुवांनी गाणं थांबवलं. "माझ्या बापाच्या मांडीवर कोण बसलंय? उठवा आधी!"

पोरी उठल्या. पुढे मी आईच्या आजारपणात अडकले आणि संकलन माओलिनने उरकलं. पोरी ठेवल्या, बुवांचं बोलणं कापलं, गाण्यावर गुळमट निवेदन थापलं. वर बक्षीस मिळवलं! बुवा मरेपर्यंत माझ्याशी बोलले नाहीत. का बोलावं? माहितीपटावर नाव माझं होतं.

आता माओलिन साहेब झालाय, संग्रहालयासाठी टेपा मागतोय. शाओनान म्हणतो, "आई, देऊन टाक ना, भिंतीवर तुझं नाव लागेल." चुलीत घाल ते नाव! माओलिनला त्यातलं काहीही मिळू नये. माझ्या शोकसभेत त्याने भाषण ठोकू नये. पुष्पचक्र आणलंच तर फाटकाबाहेर ठेवावं.

टेपांवर हक्क बुवांची मुलगी लानयिंग हिचा. आणि शाओनान, माझ्यामागे टेपांच्या कपाटाचं कुलूप तोडायला धावू नकोस, आत काही नाही. गेल्या आठवड्यात बसने जाऊन मी त्या तिला देऊन आले. मियाओंनी जुनं यंत्र आणलं होतं, आम्ही निवेदनाशिवाय सगळं पाहिलं. एका ठिकाणी बुवा गाता गाता खोकतात आणि हाक मारतात, "लाने, पाणी आण गं."

लानयिंग आता पन्नाशीची आहे. ती उठली आणि पाणी आणायला गेली.

वरील मजकूर माझ्या हातचा आहे. साक्षीदारांनी तो वाचून शब्द सौम्य करायला सुचवलं. मी केले नाहीत.

सही: यान हुइयुन
साक्षीदार: हौ जिंगफांग (शेजारी), तान योंगछिन (निवृत्त शिक्षक)
शीआन, ९ नोव्हेंबर २०१६