धोंडुबाईचा हात धरण्याआधीची वाटणी

चि. राणी, लिहायला फार उशीर झाला, माफ कर. तुझ्या फिल्मचं शूटिंग दिवाळीत झालं आणि आता यात्रा तोंडावर आली. भीतीनं पेन उचलवत नव्हतं.

मी नानासो बिरदेव काळेल, तालुका माण, जिल्हा सातारा, पूर्ण शुद्धीत आणि कुणाच्या दबावाशिवाय हे मृत्युपत्र लिहीत आहे. शुद्धीचा दाखला डॉक्टरांनी दिला. वर म्हणाले, "आबा, इतकी काळजी करू नका." तेव्हापासून त्याचीही काळजी लागली आहे.

१. घर व वरचं रान मुलगा आकाराम याला. बोअरला पाणी नाही, त्याबद्दल माझ्या माघारी शिव्या देऊ नयेत.

२. मेंढरं सून मंगल हिला. शूटिंगला पंख लावलेला एडका तेव्हापासून कळपात मिसळत नाही. त्याला विकू नये, समजूत घालावी.

३. गजीचा ढोल व लाल रुमाल नात राणी हिला. आमच्या गावात गजी, म्हणजे धनगरांचा ढोलावरचा नाच, पुरुषच खेळत. रिंगणात उतरलेली पहिली बाई माझी बायको धोंडुबाई. तेव्हा आमच्या गजीतला लालासाहेब ओरडला होता, "बाई नाचली तर पाऊस यायचा न्हाई रं!" ती म्हणाली, "आवं, तुमी एवढी वर्सं नाचताय, कवा पूर आला?" सबब, लालासाहेबाने ढोलाला हात लावू नये. यात्रेत बाया खेळणार असतील तर लावावा.

४. आता कारण. राणीने धोंडुबाईवर छोटी फिल्म काढली. त्यात ती मेल्यावर ढगातून मेंढरांसकट उतरते, गजी खेळते आणि मला न्यायला हात पुढे करते. आजीचं काम राणीनेच केलं, माझं मी. आजीचंच लुगडं नेसून तिने हाक मारली, "आवं, चला की!" आणि मी चपला टाकून पळालो. मेलेल्या माणसाच्या हाकेला ओ दिली की आपणही जातो, असं आई सांगायची. राणी हसून म्हणाली, "आबा, लय भारी! ह्योच शेवट ठेवते."

राणी, ठेवू नकोस. बायको ढगातून नाचत आली आणि नवरा पळाला, हे यात्रेत सगळं गाव पडद्यावर बघेल. वरून तीही बघेल. साऱ्या गावापुढे रिंगणात उतरताना ती भ्याली नव्हती.

वाटणी झाली, आता जायला हरकत नाही. तो शॉट परत घे. या वेळी मी हात धरतो.

साक्षीदार:
लालासाहेब गोरड (कलम ३ ला हरकत ठेवून सही)
गुंडा खरात (चष्मा घरी राहिल्याने ऐकून सही)

सही: नानासो बिरदेव काळेल
ठिकाण: दहिवडी. १२ मार्च २०२५

ता. क. सांगलीहून कॅमेरा घेऊन कधी येतेस ते लवकर कळव. लुगडं तेच नेस. आणि हात घट्ट धर, माझा भरवसा नाही.