पोपटीचा पहिला घास

शुक्रवार, १२ डिसेंबर २०२५, कर्जत

आज नोकरीचा पहिला दिवस. दहिवलीत एक लहानशी खोली मिळाली आहे. खिडकीला जाळी आहे, मोरी स्वच्छ आहे, घरमालकीणबाईंनी न मागता बादली दिली. मी फार आनंदात आहे.

कामाचं नावही छान आहे, 'सांजचव'. कळंबच्या रिसॉर्टांवर सुट्टी काढायला आलेल्या मुंबईच्या पाहुण्यांना संध्याकाळी फिरवायचं आणि रस्त्यावरचं खाऊ घालायचं. स्टेशनबाहेर गजाच्या गाडीवर वडापाव, पुलाजवळ कांदाभजी आणि चहा, मग टेंपोत बसवून कळंबला. तिथे रिसॉर्टमागच्या मोकळ्या शेतात पोपटी, मडक्यात भाजलेल्या वालाच्या शेंगा. पोपटी आमच्या मोहोपाड्यालाही होते, पण ती बघायला लोक मुंबईहून येतात हे मला माहीत नव्हतं.

मालक रूपेशदादा. मुलाखतीत त्यांनी शिक्षणाचे कागद नीट पाहिलेही नाहीत. घरात थोरली कोण, एवढंच विचारलं. मी सांगितलं, मीच. पहिली मुलगी, आमच्या घरातून शाळेत गेलेली पहिली, दहावी झालेली पहिली, पदवीधर झालेली पहिली. बोलून गेल्यावर वाटलं, बढाई झाली. पण ते खूश झाले. म्हणाले, "तुझ्यासारखीच हवी होती."

एक नियम त्यांनी तीनदा बजावला. प्रत्येक पदार्थ पाहुण्यांच्या आधी मी चाखायचा. मला नियम पटला. कोणाचं पोट बिघडलं तर जबाबदारी आपलीच. गजा मात्र हसत होता. "काय ताई, राजाकडं कामाला लागल्या का? इख हाय का बघायला?"

त्याच्या गाडीशेजारी एक बाई बसलेली होती. माझ्याहून थोडीच मोठी असेल. गजा तिला रोज वडा देतो म्हणे. मी तिचं नाव विचारलं. तिने तोंड उघडलं, ओठ हलवले आणि पुन्हा मिटले. गजा म्हणाला, "नाय सांगत ती."

नव्या कामाला जाताना शाळेचा पहिला दिवस आठवला. बाबांनी मला खांद्यावर बसवून नेलं होतं. माझ्या पाटीच्या कोपऱ्याला लाल दोरा होता. बाबा फाटकाच्या आत आले नाहीत. देवळाबाहेर काढाव्या तशा चपला काढून बाहेरच उभे राहिले, मी वर्गात दिसेनाशी होईपर्यंत.

शनिवार, १३ डिसेंबर

पोपटी लावतात गोदूबाई. मडक्याच्या तळाशी भांबुर्डीचा पाला, वर वालाच्या शेंगा, जाडं मीठ, ओवा, केळीच्या पानात बांधलेली मसाल्याची कोंबडी, अंडी, बटाटे, पुन्हा शेंगा. तोंड पाल्यानेच घट्ट भरायचं, मडकं उलटं ठेवायचं आणि भोवती पेंढा नि लाकडं पेटवायची. शिजलं की नाही हे उघडून बघत नाहीत. मडक्यावर पाणी शिंपडतात. चर्र होऊन लगेच सुकलं की झालं.

मडकं उघडलं तेव्हा पाहुण्यांनी मोबाइल वर धरले. मी पहिली शेंग उचलली. गोदूबाईंनी पदर तोंडाला लावला आणि दुसरीकडे बघू लागल्या. मला वाटलं, धूर गेला असेल.

शेंग फारच चवदार होती. चावताना वाटलं, माझ्या पाठीमागेही कोणीतरी चावतंय. सावकाश, माझ्याबरोबर. वळून पाहिलं तर सपाट जमीन आणि पलीकडे रिसॉर्टच्या पोहण्याच्या तलावाचे निळे दिवे. जवळपास म्हैस बांधलेली असेल.

रूपेशदादा काहीच खात नाहीत. म्हणतात उपास आहे.

रविवार, २१ डिसेंबर

आज राग आला आणि तो गिळावा लागला. एका बाईंनी वड्याचा एक घास घेतला, मोबाइलसमोर डोळे मोठे केले आणि उरलेला वडा पायाशी टाकला. तसंच आणखी चौघांनी केलं. आमच्या घरी आई परातीला चिकटलेलं पीठही खरवडून घेते. मी ते वडे उचलून कुत्र्याला घातले. रूपेशदादा म्हणाले, पाहुण्यांसमोर वाकू नकोस, बरं दिसत नाही.

खोलीवर सकाळी केलेल्या भाकऱ्या झाकून ठेवल्या होत्या. वरच्या भाकरीचा कडेचा एक घास गेला होता. उंदीर म्हणावा तर दातांची खूण रुंद आहे. माझ्या दातांएवढी.

पोपटीला मागचं चावणं आज जवळून ऐकू आलं. पाहुण्यांपैकी कोणाला ऐकू आलं नाही. गोदूबाईंना आलं. त्यांचा हात थांबला होता.

शनिवार, २७ डिसेंबर

आईचा फोन आला होता. बोलता बोलता ती म्हणाली, तुला शाळेत घातली तेव्हा तुझे बाबा चपला काढून उभे होते, आठवतं का गं? मला आठवलं नाही. ती म्हणाली, तूच तर सगळ्यांना सांगत असतेस. मग विषय बदलला. तिला लागलं असावं.

फोन ठेवल्यावर ही वही मागे उलटून पाहिली. सगळं लिहिलेलं आहे. लाल दोरा, फाटक, चपला. अक्षर माझं आहे. वाचताना दुसऱ्या कोणाच्या मुलीबद्दल वाचल्यासारखं वाटलं.

खूप जेवले. भूक गेली नाही.

शुक्रवार, २ जानेवारी २०२६

माझ्या भावाने, संतोषने, हसत हसत सांगितलं की आई शेजारणीला म्हणाली, हा माझा थोरला. संतोष माझ्याहून सहा वर्षांनी लहान आहे. मी आईला फोनवर विचारलं, मग मी कोण? ती हसली. म्हणाली, "अगो हो, तू हायस की." पण 'हो' म्हणण्याआधी ती थांबली होती. मी ते थांबणं ऐकलं. मला ते रात्रभर ऐकू येत राहील.

उद्या गोदूबाईंना विचारणार. पदर लावून दुसरीकडे बघायला देणार नाही.

शनिवार, ३ जानेवारी

रागाने लिहिते आहे. भीतीने नाही.

पाहुणे टेंपोत बसल्यावर मी गोदूबाईंचा हात धरला आणि सोडला नाही. तेव्हा त्यांनी सांगितलं. त्या शेताला पूर्वी मोठा बांध होता आणि बांधावर राखणदार बसायचा. त्याला नाव नाही, सगळे 'बांधावरचा' म्हणतात. पोपटी फोडली की पहिली मूठ पानावर काढून बांधावर ठेवायची, मग माणसांनी खायचं. रूपेशदादांच्या बापाने शेत रिसॉर्टला विकलं, बांध मोडला, तिथे पोहण्याचा तलाव झाला. पान ठेवायला जागा राहिली नाही. म्हातारा हसून म्हणाला, मीच खातो पहिलं. "जो पहिलं खातो," गोदूबाई म्हणाल्या, "त्याचं पहिलं बांधावरचा खातो. आदी आठवन जाते. मंग घर जातं, घरची मान्सं वळखनाशी व्हतात. मंग नाव. नावाच्या फुडं काय उरत नाय."

म्हातारा असाच संपला. त्याच्यानंतर एक थंडी पोपटी बंद ठेवली, तर बांधावरचा रूपेशदादांच्या अंगणात येऊन बसला. तेव्हा रूपेशदादांनी ही सांजचव काढली. म्हणजे पोपटीही लागेल आणि पहिला घास दुसऱ्याच्या तोंडात जाईल.

गजाच्या गाडीजवळची बाई म्हणजे नंदा. माझ्याआधीची गाईड. दोन थंड्यांत संपली.

मग माझ्याबाबतीत एवढी घाई का झाली, असं मी विचारलं. गोदूबाई म्हणाल्या, "तुज्याकडं पहिलं लई हाय, बाय. त्याला तुजी गोडी लागलीय."

मुलाखतीतली माझी बढाई! पहिली मुलगी, पहिली शाळा, पहिली पदवी. बाबांनी कारखान्यात ॲसिडने हात जाळून घेतले ते यासाठी? मी शिकले ती कोणाच्या तरी बापाची चूक चावायला?

मला आधी का नाही सांगितलं, आज तरी घास घेण्याआधी का नाही सांगितलं, असं मी ओरडले. त्या माझ्याकडे सरळ बघत म्हणाल्या, "आदी सांगितलं आसतं तर तू खाल्लं नसतंस. मंग रूपेशनं माज्या पोरीला, छायाला बोलावलं आसतं. माजी छाया पन पहिलीच हाय."

गेलेलं परत येतं का, हे शेवटी विचारलं.

"खाल्लेला घास परत येतो का गं?"

सोमवार, ५ जानेवारी

मोहोपाड्याला गेले. नोकरी सोडून. पिशवी घेऊन.

आईनेच दार उघडलं. माझ्याकडे पाहिलं. पदर सारखा केला. म्हणाली, "कोन पायजे, ताई?"

मी आई म्हणाले. तिला वाटलं, वयाच्या मानाने म्हणते आहे. "बसा ना. उन्हाच्या आलाव. पानी घ्या." पाणी आणलं ते पाहुण्यांच्या पेल्यात, खाली ताटली धरून. माझी आई मला अहो-जाहो करत होती.

बाबा आले. त्यांनी मला नमस्कार केला. जळलेले दोन्ही हात जोडून. आमच्याकडे काही सरकारी काम आहे का, विचारलं.

भिंतीवर माझा पदवीच्या झग्यातला फोटो आहे. मी विचारलं, या कोण? आई बराच वेळ बघत राहिली. "दुकानदारानं फ्रेमीबरूबर दिला आसंल. चांगला हाय म्हनून ठेवला."

संतोष शाळेत होता. त्याची वाट पाहिली नाही. तो काय म्हणेल ते ऐकायची हिंमत —

पाणी पिऊन निघाले. आई दारापर्यंत सोडायला आली. "येत जा हां, ताई."

गुरुवार, ८ जानेवारी

रडू येत नाही. राग येतो. झोपेतून रागानेच जाग येते, दात एकमेकांवर घासत असतात. त्या घासण्याबरोबर आणखी एक आवाज असतो. खिडकीच्या जाळीपलीकडे.

आता बांधावरचा इथे येऊ लागला आहे.

आजपासून दादा नाही. रूपेश. नुसता रूपेश.

शनिवार, १० जानेवारी

रूपेशला फोन केला. बरं नव्हतं म्हणून आले नाही, उद्या येते, असं सांगितलं. तो म्हणाला, "ये, ये. पाहुणे खास आहेत." नंदाशीही असाच गोड बोलत असेल.

नंदाजवळ जाऊन बसले. तिला तिचं नाव सांगितलं. नंदा, नंदा, नंदा. तिने माझ्या ओठांकडे पाहिलं. मग स्वतःचे ओठ तसेच हलवले. आवाज नाही.

गजाने गंमत सोडली आहे. मला वडा दिला नाही. आधी स्वतः तोडला, खाल्ला, मग उरलेला माझ्या हातात ठेवला. त्यालाही माहीत होतं का? सगळ्यांना माहीत होतं?

उद्या रूपेश खाणार. पाहुण्यांच्या मोबाइलसमोर. मला काही परत मिळणार नाही, ते कळलं आहे. तरी तो खाणार.

माझं नाव अजून आहे. उद्या तेवढं सांभाळायचं. काही झालं तरी तोंडात काही घालायचं नाही.

रविवार, ११ जानेवारी

टेंपोत लिहिते आहे. दार आतून लावलं आहे. लवकर लिहायला हवं.

मडकं उघडलं. वाफ आली. मी मोठ्याने सांगितलं, आज पहिला घास मालक घेणार. सगळ्यांनी मोबाइल वर केले. तो म्हणाला, उपास आहे. पाहुणे हसायला लागले. "अहो दादा, कसला उपास, घ्या की!" "मालकच खात नाही, म्हणजे काहीतरी घोळ आहे!" टाळ्या. एक घास, एक घास.

त्याने शेंग उचलली. मला वाटलं, झालं. पण तो खाली वाकला. पुढे एक छोटी उभी होती, दोन वेण्या. तिची आई मघाशीच म्हणाली होती, आमचं हे पहिलंच. त्याने शेंग तिच्यासमोर धरली. आधी आमच्या छोट्या पाहुणीला, म्हणाला. हसत.

तिने आ केला.

मी शेंग हिसकावली. मडक्यात हात घालून आणखी मूठभर काढली. त्याच्या तोंडात कोंबली, दातांवर, ओठांवर, वर हात दाबून धरला. गोदूबाईंनी मागून त्याचे दंड धरले. त्यांनी धरले! पाहुण्यांना खेळ वाटला. कोणीतरी शिट्टी मारली. त्याने गिळलं. मी पाहिलं, गिळलं. पाठीमागे चावणं सुरू झालं —

पण बोटं भाजली होती. मडक्यात घातली तेव्हाच. आणि भाजल्यावर आपण काय करतो — कोणीही — लहानपणापासून —

बोटं तोंडात होती. माझ्या तोंडात. मीठ लागलं. ओवा लागला.

आधी कोणाच्या जिभेला? माझ्या की त्याच्या? आठवत नाही. कोंबायच्या आधी बोटं तोंडात गेली की नंतर —

तो बाहेर ओरडतो आहे. मी रूपेश, मी रूपेश, मी रूपेश. टेंपोच्या पत्र्यावर थापा मारत. रडत. हसत. त्याला येतं आहे. त्याचं नाव त्याला अजून येतं आहे.

म्हणजे पहिला घास माझा. म्हणजे माझं नाव —

नाही. पहिलं पान उघडते, तिथे असेल. नाही. मी कुठेच लिहिलं नव्हतं. स्वतःचं नाव स्वतःच्या वहीत कोण लिहितं? आता लिहिते. अजून आहे. आई, मी आहे. तुझी थोरली. माझं नाव ह